इरावतीबाई कर्वे : घरच्या नात्यांतून समाजशास्त्र

जुन्या वळणाच्या मराठी घरात नवी सून सासऱ्यांना ‘मामंजी’ म्हणते आणि सासूबाईंना ‘आत्याबाई’. वस्तुतः सासरे काही तिचे मामा नसतात आणि सासूबाई तिच्या वडिलांच्या भगिनी नसतात. पुष्कळदा तर लग्नाची बोलणी सुरू होण्यापूर्वी दोन्ही घरांची एकमेकांशी तोंडओळखही नसते. मग ही नावे आली कोठून? हा प्रश्न बहुधा कोणाच्या मनात येत नाही. कारण जे रोज कानांवर पडते त्याचे नवल वाटेनासे होते. ज्या थोड्या माणसांना असल्या घरगुती गोष्टींचे नवल आयुष्यभर वाटत राहिले आणि ज्यांनी त्या नवलाचे शास्त्र केले, त्यांत इरावतीबाई कर्वे यांचे नाव अग्रभागी आहे. त्यांचा थोडा परिचय आमच्या वाचकांस करून द्यावा, या हेतूने हा लेख लिहीत आहोत.

विद्यार्थिमित्रहो, समाजशास्त्र या नावाचा स्वतंत्र तास आपल्या वेळापत्रकात नसतो. ते शास्त्र शाळा सुटल्यावर पुढे केव्हातरी भेटते, आणि भेटते तेही जाड पुस्तकांच्या व अवघड संज्ञांच्या रूपाने. त्यामुळे ते दूरच्या कोणत्यातरी देशातून आले असावे, असा समज होतो. परंतु त्याची सामग्री आपल्या स्वयंपाकघरातच असते. घरात प्रथम कोण जेवते, पंक्तीला कोण कोणाशेजारी बसते, कोणाला अहो म्हणावयाचे व कोणाला अरे, मुलगी कोणत्या घरी द्यावयाची व कोणत्या घरी कदापि द्यावयाची नाही, बाजारात कोण कोणाकडून काय घेतो, हे सारे नियम कोणी लिहून ठेवलेले नसतात. तरी ते सर्वांना ठाऊक असतात आणि मोडले तर सर्वांच्या लक्षात येतात. हे न लिहिलेले नियम शोधून काढणे व ते असेच का आहेत याचा विचार करणे, हे समाजशास्त्राचे काम होय.

इरावतीबाईंचा जन्म १५ डिसेंबर १९०५ रोजी ब्रह्मदेशातील म्यिंज्यान या गावी झाला. त्यांचे वडील गणेश हरी करमरकर हे तेथे एका कापूस कंपनीत नोकरीस होते. तेथील इरावती या महानदीवरून मुलीचे नाव ठेवले गेले. सातव्या वर्षी शिक्षणासाठी तिची रवानगी पुण्यास हुजूरपागेच्या मुलींच्या शाळेत झाली. आईवडील समुद्रापलीकडे आणि मूल वसतिगृहात, असे ते दिवस होते. तेथे तिची मैत्री शकुंतला परांजपे हिच्याशी जमली, आणि या मैत्रीतून शकुंतलेच्या आईने इरूला आपल्या घरीच राहावयास नेले.

हे घर साधेसुधे नव्हते. घराचे कर्ते रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे म्हणजे केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत १८९९ साली सीनियर रँग्लरचा मान मिळविणारे पहिले भारतीय आणि फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य. ईश्वरावर त्यांचा विश्वास नव्हता. जे बुद्धीला पटेल ते मानावे, न पटेल ते स्पष्ट सांगावे, असा त्यांचा बाणा होता. घरात पुस्तके विपुल होती आणि मुलांशीही मोठ्यांप्रमाणे चर्चा होत असे. अशा घरात वाढलेल्या मुलीला कोणतीही रूढी केवळ रूढी आहे म्हणून पवित्र वाटली नाही, याचे आश्चर्य नको. पण पुढे त्यांनी रूढींची थट्टाही केली नाही. इतके लोक इतकी वर्षे ज्या रीतीने वागतात तिच्यामागे काही कारण असले पाहिजे, ते शोधावे, अशी त्यांची वृत्ती होती. आमच्या मते सुधारक आणि समाजशास्त्रज्ञ यांच्यांतील भेद येथेच आहे.

१९२६ साली तत्त्वज्ञान हा विषय घेऊन त्या फर्ग्युसन महाविद्यालयातून पदवीधर झाल्या आणि त्याच वर्षी दिनकर धोंडो कर्वे यांच्याशी त्यांचा विवाह झाला. दिनकरराव रसायनशास्त्रज्ञ होते. जर्मनीत डॉक्टरेट मिळवून आलेले होते. पुढे ते फर्ग्युसनचे प्राचार्यही झाले. सासरे म्हणजे साक्षात महर्षी धोंडो केशव कर्वे. परांजपे हे महर्षींचे जवळचे नातलग. म्हणून ज्यांच्या घरी इरावतीबाई लेकीसारख्या वाढल्या, तेच लग्नानंतर त्यांचे दुसरे सासरे ठरले. त्यांच्यावर लिहिलेल्या लेखाला इरावतीबाईंनी ‘दुसरे मामंजी’ असेच नाव दिले आहे.

लग्नानंतर दक्षिणा फेलोशिप मिळवून त्यांनी मुंबई विद्यापीठात गोविंद सदाशिव घुर्ये यांच्या मार्गदर्शनाखाली समाजशास्त्राचा अभ्यास सुरू केला. प्रबंधाचा विषय स्वतःचीच जात, अर्थात चित्पावन ब्राह्मण, हा होता. १९२८ साली एम. ए. झाल्यावर पुढील शिक्षणासाठी जर्मनीस जाण्याचे ठरले. येथे आम्हास थोडे थांबावेसे वाटते. ज्या महर्षींनी विधवांसाठी आश्रम काढला, १९१६ साली महिलांचे विद्यापीठ स्थापन केले आणि स्त्रीशिक्षणासाठी उभे आयुष्य वेचले, त्यांनाच आपल्या सुनेचे परदेशी शिकावयास जाणे पसंत नव्हते! महर्षींचे मोठेपण यामुळे उणे होत नाही. पण समाजासाठी एक नियम आणि घरासाठी दुसरा, ही गोष्ट किती थोर माणसांच्या हातून घडते, हे यावरून दिसते. दिनकरराव मात्र पत्नीच्या पाठीशी उभे राहिले. डॉ. जीवराज मेहता यांच्याकडून कर्ज मिळाले आणि इरावतीबाई बर्लिनला गेल्या. हेच जीवराज मेहता पुढे १९६० साली गुजरातचे पहिले मुख्यमंत्री झाले.

बर्लिनमधील कैसर विल्हेल्म संस्थेत ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली त्यांचे काम सुरू झाले. फिशर हे त्या काळी वंशशास्त्रातील मोठे नाव. मनुष्याच्या कवटीची उजवी व डावी बाजू सर्वस्वी सारखी नसते. हा विषमपणा गोऱ्या युरोपीय लोकांत अधिक असावा आणि त्यावरून त्यांच्या बुद्धीचे श्रेष्ठत्व दिसून यावे, असे या प्राध्यापकांचे अनुमान होते. इरावतीबाईंना हेच तपासून पाहावयाचे होते. संस्थेच्या संग्रहात युरोपातील कवट्या होत्या, आफ्रिकेतून आणलेल्याही होत्या. अशा सुमारे दीडशे कवट्या हाती घेऊन त्यांनी एकेकीची मापे घेतली, कोष्टके केली, आणि निष्कर्ष काढला की या विषमपणाचा वंशाशी काही संबंध दिसत नाही.

हा निष्कर्ष लिहिणारी कोण? परक्या देशातील, पारतंत्र्यातील प्रजेपैकी, विशीतील एक स्त्री. ज्यांच्या सहीवर पदवी अवलंबून होती, त्यांचेच अनुमान ती खोटे ठरवीत होती. अनुकूल आकडे निवडून घेणे काही अशक्य नव्हते. तसे त्यांनी केले नाही. १९३० साली त्यांना डॉक्टरेट मिळाली. त्यानंतर तीनच वर्षांनी जर्मनीत हिटलरची सत्ता आली, आणि फिशर व त्यांच्यासारखे शास्त्रज्ञ ज्या वंशश्रेष्ठतेचे समर्थन करीत होते, तिच्या नावाने लक्षावधी निरपराध माणसे मारली गेली. मोजपट्टी तीच असली तरी ती कोणाच्या हाती आहे, यावर केवढे अवलंबून असते!

हिंदुस्थानात परतल्यावर १९३१ पासून १९३६ पर्यंत त्यांनी महिला विद्यापीठाच्या कुलसचिवाचे काम केले. ते कारभाराचे काम होते. त्यात त्यांचे मन रमले नसावे. १९३९ साली पुण्याचे डेक्कन कॉलेज संशोधनसंस्था म्हणून पुन्हा सुरू झाले, आणि त्याच वर्षी त्या तेथे रुजू झाल्या. तेथील समाजशास्त्राचा व मानवशास्त्राचा विभाग त्यांनी वाढविला आणि अखेरपर्यंत त्या तेथेच राहिल्या. डॉ. हसमुख सांकळिया यांच्याबरोबर उत्तर गुजरातेत लांघणज येथे अश्मयुगातील मानवी सांगाडे शोधण्याच्या कामातही त्यांचा वाटा होता. १९४७ साली भारतीय विज्ञान परिषदेच्या मानवशास्त्र शाखेचे अध्यक्षपद त्यांना मिळाले. पुण्यात स्कूटर चालविणाऱ्या पहिल्या स्त्रियांत त्यांची गणना होते. पतीचे नाव उच्चारणे ही ज्या काळी मोठी अमर्यादा समजत, त्या काळात त्या पतीला ‘दिनू’ म्हणत आणि मुले आईला ‘इरू’ म्हणत. कुंकू व मंगळसूत्र त्या वापरीत नसत. या गोष्टींची पुण्यात चर्चा होत असे. बाईंना मात्र अशी चर्चा करणाऱ्यांचे निरीक्षण करण्यातच अधिक रस असावा, असे त्यांचे ललित लेख वाचताना वाटत राहते.

आता त्यांच्या मुख्य कामाकडे वळू. १९५३ साली त्यांचा भारतातील आप्तसंबंधांविषयीचा मोठा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला. भारतीय समाज समजून घ्यावयाचा तर तीन गोष्टी कळल्या पाहिजेत, असे त्यांचे प्रतिपादन होते : भाषांचे प्रदेश, जातिसंस्था आणि कुटुंबाची रचना. यांतील तिसऱ्या गोष्टीसाठी त्यांनी देशाच्या निरनिराळ्या भागांत हिंडून नात्यांचे शब्द गोळा केले. लग्नाची गाणी, म्हणी, जात्यावरच्या ओव्या ऐकल्या. वेद व महाभारत यांतील नात्यांचे शब्द तपासले. काका, मामा, दीर, नणंद, भाचा या शब्दांच्या याद्यांत शास्त्र कोठून आले, असे कोणी विचारील. ते कसे ते थोडे सविस्तर सांगतो.

इरावतीबाईंनी आप्तसंबंधांच्या दृष्टीने भारताचे उत्तर, मध्य, दक्षिण व पूर्व असे चार विभाग कल्पिले. उत्तरेकडील पद्धतीत मुलगी नात्यात देत नाहीत. पुष्कळ ठिकाणी गावातही देत नाहीत. ती दूरच्या गावी, अनोळखी माणसांत जाते. सासरी वडीलधाऱ्या पुरुषांसमोर तिला तोंड झाकून वावरावे लागते. हिंदीत पतीच्या थोरल्या भावाला ‘जेठ’ म्हणतात व धाकट्याला ‘देवर’. हे दोन निराळे शब्द का? कारण दोघांशी वागण्याच्या रीती निराळ्या आहेत. जेठासमोर पदर ओढावयाचा. देवराशी मात्र थट्टामस्करी चालते. जेथे वागणूक दोन प्रकारची तेथे शब्दही दोन. मराठीत दोघेही ‘दीर’च, थोरला व धाकटा असे विशेषण जोडले की काम भागते.

दक्षिणेकडे आलो की चित्र पालटते. कन्नड भाषेत ‘माव’ म्हणजे मामा आणि ‘माव’ म्हणजेच सासरा. ‘अत्ते’ म्हणजे आत्या, ‘अत्ते’ म्हणजे मामी आणि ‘अत्ते’ म्हणजेच सासू. हा शब्दांचा तुटवडा नव्हे. मामाच्या किंवा आत्याच्या घरी विवाह व्हावा हीच जेथे पूर्वापार रीत, तेथे मामा हाच सासरा होणार आणि आत्या हीच सासू होणार. दोन शब्दांची गरजच काय? दक्षिणेतील पुष्कळ जातींत तर थोरल्या बहिणीच्या मुलीशी विवाह करण्याचीही चाल होती. अशी वधू सासरी जाते ती लहानपणापासून जेथे खेळली त्याच अंगणात. तिला तोंड झाकावे लागत नाही. सासूचा धाक असला तरी सासू परकी नसते. उत्तरेतील लग्नाच्या गीतांत मुलगी सोडून जाण्याचा जो आकांत ऐकू येतो, त्याचे कारण असे विवाहाच्या नियमांत सापडते. तथापि दक्षिणेतील मुलगी सुखीच असे, असे समजण्याचे कारण नाही. जिचा नवरा तिच्या जन्माबरोबरच जवळजवळ ठरून गेलेला असतो, तिला निवड कसली?

महाराष्ट्र या दोहोंच्या मध्ये येतो. येथे उत्तरेसारखे कूळ, गोत्र व देवक पाहतात आणि दक्षिणेसारखे नात्यातही लग्न करतात; पण एकाच बाजूने. पुष्कळ जातींत मुलाने मामाची मुलगी करावी ही रीत चांगली मानली जाई. आत्याची मुलगी मात्र करीत नसत. दिलेली वेल माघारी आणू नये, असा त्यामागचा लोकसमज. आता लेखाच्या आरंभीच्या प्रश्नाचे उत्तर देता येईल. मामाची मुलगी सून म्हणून घरात आली, तर तिची सासू ही तिच्या वडिलांची बहीण, म्हणजे आत्याच. आणि आत्याच्या यजमानांना मामा म्हणण्याची रीत मराठी घरांत आहेच. म्हणून ‘आत्याबाई’ आणि ‘मामंजी’. लग्न परक्या घरात होऊ लागले, रीत विसरली गेली, शब्द मात्र मागे राहिले. समुद्र हटल्यावर वाळूत शंख राहावेत तसे.

आमच्या या बेळगावकडच्या वाचकांना हे सारे सांगावे लागू नये. आपल्या एकाच गल्लीत मराठी, कन्नड, कोकणी व उर्दू बोलणारी घरे असतात. ‘अक्का’ आणि ‘अण्णा’ हे शब्द मराठी व कन्नड घरांत सारखेच ऐकू येतात. ते कोणी कोणाकडून घेतले याची उठाठेव कोणी करीत नाही. इरावतीबाई ज्या सीमारेषेचा शोध घेत देशभर हिंडल्या, ती रेषा आपल्या दारावरून गेली आहे. एखाद्या रविवारी एका कागदावर चार उभे रकाने पाडून पाहा : मामा, आत्या, मावशी, सासू, सासरा, दीर, मेहुणी, भाचा या नात्यांना प्रत्येक घरात काय म्हणतात ते आजीला व शेजारच्या आजींना विचारून लिहा. कोठे एका शब्दात दोन नाती बसली आहेत आणि कोठे एका नात्याला दोन शब्द लागले आहेत, ते पाहा. कोष्टक पुरे होण्यापूर्वीच प्रश्न सुचू लागतील.

जातीविषयीही त्यांनी स्वतंत्र विचार मांडला. एक मोठा समाज होता आणि तो फुटत फुटत आजच्या जाती झाल्या, असे त्यांचे गुरू घुर्ये यांच्यासह अनेकांचे मत होते. इरावतीबाईंनी उलट सांगितले. त्यांच्या मते पुष्कळशा जाती मुळातच निरनिराळे नातेसमूह होते. ते शेजारी शेजारी येऊन राहिले, एकाच धंद्यामुळे त्यांना एकच नाव मिळाले, पण लग्नसंबंध त्यांनी कधी केले नाहीत. महाराष्ट्रातील कुंभारांचे उदाहरण पाहण्यासारखे आहे. आपण सर्वांना कुंभार म्हणतो. पण कोणी मोठे चाक वापरतात, कोणी लहान, आणि रोटीबेटीचे व्यवहार आपापल्यातच होतात. १९६१ साली प्रसिद्ध झालेल्या हिंदू समाजावरील इंग्रजी पुस्तकात हा विचार त्यांनी मांडला आहे. विद्वानांनी तो सर्वस्वी मान्य केला असे नाही. वाद पुष्कळ झाला आणि अजूनही होतो.

एका बाबतीत मात्र आम्हास त्यांची बाजू घेता येत नाही. माणसांच्या डोक्याची, नाकाची व उंचीची मापे घेऊन जातींचे मूळ कळेल, हा विश्वास त्यांनी अखेरपर्यंत सोडला नाही. महाराष्ट्र, कर्नाटक व ओरिसा येथील लोकांची अशी मापे त्यांनी अपार कष्टाने जमविली. बर्लिनमध्ये ज्या मापांनी गुरूचा सिद्धांत कोसळला, त्याच मापांवर त्यांनी स्वतः इतका भर द्यावा, हे थोडे विलक्षण वाटते. या मापांतून फारसे काही निघाले नाही. त्यांच्या नात्यांच्या याद्या आजही वाचल्या जातात. मापांची कोष्टके आज क्वचितच कोणी उघडत असेल.

पण हे सारे वाचून त्या सदैव कोष्टकांत बुडालेल्या असत असे समजू नका. मराठीत त्यांनी जे ललित लेख लिहिले, त्यांत तेच समाजशास्त्र हसतखेळत येते. ‘परिपूर्ती’ या लेखात एका समारंभात त्यांची ओळख करून दिली जाते, ती महर्षींची सून, प्राचार्यांची पत्नी अशा नात्यांनी. त्यात काहीतरी अपुरे राहिले असे त्यांना वाटत राहते. पुढे रस्त्याने जाताना शाळकरी मुलांच्या घोळक्यातील एक मुलगा त्यांच्याकडे बोट दाखवून सोबत्यांना सांगतो की ही आपल्या वर्गातल्या कर्व्याची आई. आणि ओळख पुरी होते. गोष्ट विनोदी आहे. पण डॉक्टरेट मिळविलेल्या, देशविदेशी व्याख्याने दिलेल्या स्त्रीचीही समाजाला ओळख पटते ती कोणाची तरी कोण म्हणूनच, ही तिच्या पोटातली गोष्ट विनोदी नाही.

याच संग्रहात ‘वाटचाल’ हा पंढरीच्या वारीवरचा लेख आहे. इरावतीबाई देवभोळ्या नव्हत्या, तरी ज्ञानेश्वरमाउलींच्या पालखीबरोबर त्या पंढरपूरपर्यंत पायी चालल्या. ज्या प्रदेशातील लोक पंढरीला जातात तो महाराष्ट्र, अशी महाराष्ट्राची नवी व्याख्या त्यांना या वाटेवर सापडली. त्या ज्या दिंडीत होत्या तीत ब्राह्मण होते आणि मराठेही होते. दिवसभर सारे एकच अभंग गात, एकच धूळ अंगावर घेत. मुक्काम आला की चुली मात्र वेगळ्या. सर्व मंडळी स्नान करून, सोवळ्याने, स्वच्छ अन्न शिजवीत. मग हा वेगळेपणा कशासाठी? बरोबर चालणे व बरोबर गाणे हे सारे परलोकीच्या ऐक्यासाठीच आहे काय, आणि इहलोकी माणसांनी निराळेच राहावयाचे काय, हा प्रश्न त्यांना सारी वाट छळीत राहिला.

दोन्ही गटांना एकत्र आणणे त्यांना साधले नाही. तेव्हा त्या स्वतःच कधी या गटात तर कधी त्या गटात जाऊ लागल्या. मराठा बायांच्या चुलीवर शिजलेले त्यांच्याबरोबर बसून जेवल्यानंतर त्या बाया अधिक मोकळ्या झाल्या. हात धरून बरोबर चालू लागल्या, आपली सुखदुःखे सांगू लागल्या, त्यांना ताई म्हणू लागल्या. प्रवास सरत आला तेव्हा काहीजणी म्हणाल्या की पुण्याला आलो की तुमच्याकडे येऊ. त्यावर त्यांतील एका तरुण मुलीने सहज विचारले की तेथेही तुम्ही आमच्याशी अशाच वागाल ना? प्रश्न साधा होता. बाईंच्या तो जिव्हारी लागला. हजारो वर्षे शेजारी राहूनही आपण एकमेकांचे झालो नाही, हे त्या मुलीला ठाऊक होते. ते समजावयास तिला बर्लिनला जावे लागले नव्हते. आम्हांस वाटते की, त्यांच्या सर्व ग्रंथांत जातीवरचे सर्वांत खरे लिखाण ते या थोड्या पानांत आहे. कारण येथे लिहिणारी स्वतः कोष्टकाच्या बाहेर उभी राहिलेली नाही.

महाभारत हा त्यांचा फार दिवसांचा सोबती. प्रथम त्या त्याकडे वळल्या त्या नात्यांचे शब्द शोधण्यासाठी. त्या शोधातून कुंती, गांधारी, द्रौपदी, कर्ण ही माणसे त्यांच्या इतक्या परिचयाची झाली की पुढे त्यांच्यावर त्यांनी लेख लिहिले. ते ‘युगान्त’ या नावाने १९६७ साली पुस्तकरूपाने आले आणि १९६८ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. महाभारतातील स्त्रीपुरुषांना देव किंवा दानव न करता कोणाची तरी सून, कोणाची तरी सासू, कोणाचा तरी सावत्र भाऊ म्हणून पाहिले, तर त्यांच्या वागण्याची संगती कशी लागते, हे या पुस्तकात दिसते. श्रद्धाळू वाचकांपैकी काहींना ते रुचले नाही.

उतारवयातही त्यांचे हिंडणे थांबले नाही. पश्चिम खानदेशातील भिल्लांवर त्यांनी लिहिले. कोयना धरणामुळे ज्यांची घरेदारे गेली त्या लोकांचे पुढे काय झाले, याची पाहणी त्यांनी कन्या जाई निंबकर यांच्या सहकार्याने केली; ती १९६९ साली प्रसिद्ध झाली. धरणाची उंची व विजेचे आकडे सर्वांच्या तोंडी असताना, उठविलेल्या माणसाचे शेत कोठे गेले, सोयरे कोठे गेले हे विचारणारे त्या वेळी थोडेच होते. आठवडी बाजारांचा अभ्यासही त्यांनी याच सुमारास हाती घेतला. डोंगरातून मोळी घेऊन येणारा, खेड्यातून धान्य आणणारा आणि शहरातून कापड व भांडी आणणारा ही तिन्ही माणसे आठवड्यातून एकदा भेटतात ती बाजारात. तेव्हा बाजार म्हणजे केवळ खरेदीविक्री नव्हे, हे त्यातील सूत्र. तो अभ्यास १९७० साली छापून आला आणि त्याच वर्षी ११ ऑगस्ट रोजी पुण्यात इरावतीबाईंचे निधन झाले.

दुसरी कन्या गौरी देशपांडे पुढे मराठीतील मान्यवर लेखिका झाल्या. ‘गंगाजल’ हा इरावतीबाईंचा लेखसंग्रह त्यांच्या मृत्यूनंतर, १९७२ साली निघाला. आठवी-नववीच्या विद्यार्थ्यांनी आरंभ ‘परिपूर्ती’पासून करावा, मग ‘भोवरा’ व ‘गंगाजल’ घ्यावे, ‘युगान्त’ त्यानंतर. आप्तसंबंधांवरचा मोठा ग्रंथ कठीण आहे, पण त्यातील नात्यांच्या शब्दांची कोष्टके आतासुद्धा चाळता येतील, आणि आपल्या आजीचा एखादा शब्द त्यात आहे की नाही हे पाहण्यास कोणाची हरकत नसावी.